एक कंठ, अनेक माणसे : दिलीप प्रभावळकर यांच्या वाचिक अभिनयाचा अभ्यास

बीजसंज्ञा : वाचिक अभिनय, काकू, चरित्र अभिनेता, बहुरूपी परंपरा, शब्दभ्रम, दशावतार

प्रस्तावना

मराठी नाट्यसमीक्षेने नटाच्या चेहऱ्याविषयी, रंगभूषेविषयी आणि देहबोलीविषयी पुष्कळ लिहिले आहे. त्याच्या आवाजाविषयी मात्र फारच थोडे. 'आवाज भारदस्त होता', 'शब्दफेक उत्तम होती' अशा दोन-तीन ठरीव विधानांवर बहुतेक परीक्षणे थांबतात. भरताने अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले, वाणी हे नाट्याचे शरीर आहे असेही बजावले. तरी आपल्या अभ्यासक्रमांत वाचिक अभिनय हा 'उच्चारशुद्धी' या एका टिपणापुरता उरलेला दिसतो. प्रस्तुत लेखात या दुर्लक्षित अंगाचा विचार एका नटाच्या कारकिर्दीच्या आधाराने करावयाचा आहे. तो नट म्हणजे दिलीप प्रभावळकर. चिमणराव, चेटकीण, विदुर, नंदू, तात्या विंचू, आबा टिपरे, महात्मा गांधी आणि बाबुली मेस्त्री ही नावे एका दमात उच्चारली तर ती एकाच माणसाच्या गळ्यातून आलेली आहेत यावर विश्वास ठेवणे कठीण जाते. ते कसे घडते, हा या लेखाचा प्रश्न आहे.

आरंभीच एक खुलासा केलेला बरा. प्रभावळकर हे लेखकही आहेत. 'अनुदिनी', 'गुगली', 'बोक्या सातबंडे', 'एका खेळियाने' ही त्यांची पुस्तके वाचकांना परिचित आहेत. या लेखनाचे स्वतंत्र मूल्यमापन येथे अभिप्रेत नाही. तथापि ज्याला कागदावर निरनिराळ्या माणसांची बोलण्याची धाटणी पकडता येते, त्याच्या अभिनयाचा उगम कानात असतो, डोळ्यांत नव्हे, हे गृहीतक पुढील विवेचनामागे आहे.

'चरित्र अभिनेता' या संज्ञेविषयी

'चरित्र अभिनेता' हा शब्द आपल्याकडे हिंदी चित्रपटव्यवसायातून आला आणि येताना एक कमीपणा घेऊन आला. नायकाचे वय उलटले की त्याने बाप, वकील, पोलीस अधिकारी व्हायचे; ही झाली चरित्र भूमिका. मराठी रंगभूमीजवळ याहून जुना आणि अधिक सन्मानाचा शब्द होता : बहुरूपी. चिंतामणराव कोल्हटकरांनी आपल्या आत्मचरित्राला हेच नाव दिले आणि त्या ग्रंथाला १९५८ मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. बहुरूप्याला नायकपणाची निवृत्ती घ्यावी लागत नाही, कारण तो नायक म्हणून कधी उभाच राहिलेला नसतो.

कोल्हापूरच्या वाचकाला या संदर्भात पहिले नाव आठवेल ते बाबूराव पेंढारकरांचे. १८९६ मध्ये कोल्हापुरात जन्मलेले हे नट महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या मूकपटांच्या जमान्यात घडले. म्हणजे त्यांचा अभिनय प्रथम निःशब्द होता. १९३२ मध्ये 'प्रभात'च्या 'अयोध्येचा राजा' या चित्रपटात ते गंगानाथ म्हणून बोलू लागले, आणि पुढे 'महात्मा फुले' (१९५४) या आचार्य अत्र्यांच्या चित्रपटात जोतीराव, तर 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) मध्ये तुरुंगाधिकारी झाले. बोलपट आला तेव्हा अनेक मूकपट-नटांची कारकीर्द संपली, बाबूरावांची बहरली. त्याचे कारण त्यांच्या आवाजात शोधावे लागते. आवाज चढवायचा कुठे यापेक्षा तो दाबायचा कुठे हे त्यांना लवकर उमगले होते. ध्वनिग्राहकासमोर कुजबूजही ऐकू जाते, हा शोध रंगभूमीवरून आलेल्या त्यांच्या अनेक समकालीनांना उशिरा लागला. कोल्हापूरच्या मातीतील हा वारसा ध्यानात ठेवून मुंबईत जन्मलेल्या प्रभावळकरांकडे वळणे सोयीचे होईल, कारण त्यांचा मार्ग नेमका उलट आहे. ते रंगभूमीवरून दूरचित्रवाणीकडे आणि तेथून चित्रपटाकडे आले. म्हणजे मोठ्या आवाजाकडून लहान आवाजाकडे.

जडणघडण : चेटकीण आणि विदुर

४ ऑगस्ट १९४४ हा प्रभावळकरांचा जन्मदिवस. विज्ञानाचे उच्च शिक्षण आणि औषधनिर्मिती कंपनीतील नोकरी सांभाळून त्यांनी नाटके केली, हा तपशील त्या पिढीतील अनेक नटांच्या बाबतीत सारखाच आढळतो. त्यांच्या संदर्भात विशेष आहे ती रत्नाकर मतकरी यांच्या बालनाट्यातील उमेदवारी. 'अलबत्या गलबत्या'मधील चिंची चेटकीण ही भूमिका त्यांनी प्रथम गाजवली. २०१८ मध्ये हे नाटक चिन्मय मांडलेकर यांच्या दिग्दर्शनाखाली पुन्हा रंगमंचावर आले आणि वैभव मांगले यांची चेटकीणही लोकप्रिय झाली. पण त्या भूमिकेचा साचा आधीच ठरून गेलेला होता.

बालनाट्य ही वाचिक अभिनयाची सर्वांत कठोर शाळा होय. मोठ्यांच्या नाटकात कंटाळलेला प्रेक्षक सभ्यपणे बसून राहतो. मूल उठून बाहेर जाते किंवा शेजारच्याशी बोलू लागते. मुलांना घाबरवायचे, पण रडवायचे नाही. हसवायचे, पण भीती पूर्ण जाऊ द्यायची नाही, ही तारेवरची कसरत चेहऱ्याने करता येत नाही, कारण मागच्या रांगेतील मुलाला चेहरा दिसतच नाही. ती आवाजानेच करावी लागते. पुरुषाने स्त्रीपात्र करताना आवाज नुसता बारीक केला तर ते सोंग होते. चेटकिणीचा आवाज किरटा असला तरी त्याच्या तळाशी एक खर्जाची खरखर राहावी लागते, म्हणजे ती बाई वाटते आणि बाई नाही असेही वाटते. पुढे 'वासूची सासू' या नाटकातील स्त्रीवेषात प्रभावळकरांनी याच्या नेमके उलट केले : तेथे आवाजातील पुरुषपण लपवण्यापेक्षा ते मधूनच निसटू देण्यातच विनोद होता.

त्याच मतकरींच्या 'आरण्यक' (१९७४) या नाटकात ते विदुर झाले. महायुद्धानंतरचा धृतराष्ट्र, गांधारी, कुंती आणि विदुर यांचा वनवास हा या नाटकाचा विषय, भाषा काव्यात्म. चेटकिणीच्या किंकाळीनंतर हा संथ, कोरडा, स्वतःशीच बोलल्यासारखा स्वर. नट एकच, नाटककारही एकच, काळही जवळपास एकच. विशेष म्हणजे चव्वेचाळीस वर्षांनी, २०१८ च्या सुमारास, 'आरण्यक' पुन्हा उभे राहिले तेव्हा रवी पटवर्धनांचा धृतराष्ट्र आणि प्रभावळकरांचा विदुर हे मूळचेच नट त्यात होते. तिशीतल्या नटाने वृद्ध विदुराचा आवाज 'काढणे' आणि सत्तरी ओलांडलेल्या नटाला तो आपोआप लाभणे, या दोन अवस्थांची तुलना करण्याची अशी संधी रंगभूमीवर विरळा मिळते. मतकरी आणि पटवर्धन दोघेही २०२० मध्ये निवर्तले.

भरताची परिभाषा

येथे थोडे थांबून नाट्यशास्त्रातील काकूविचार पाहणे उपयुक्त ठरेल. भरताने आवाजाची तीन स्थाने सांगितली : उर, कंठ आणि शिर. जवळच्या व्यक्तीशी बोलताना उरातून, थोड्या अंतरावरच्याशी कंठातून आणि दूरच्याशी शिरातून स्वर काढावा, असा त्याचा व्यवहारी सल्ला आहे. उदात्त, अनुदात्त, स्वरित आणि कंपित हे चार वर्ण. उच्च, दीप्त, मंद्र, नीच, द्रुत आणि विलंबित हे सहा अलंकार. आणि विच्छेद, अर्पण, विसर्ग, अनुबंध, दीपन, प्रशमन ही सहा अंगे. काकू दोन प्रकारची : साकांक्ष, म्हणजे बोलून झाल्यावरही काही अपेक्षा मागे ठेवणारी, आणि निराकांक्ष, म्हणजे पूर्ण झालेली.

ही यादी आपण परीक्षेपुरती पाठ करून घेतो. एकदा एखाद्या ध्वनिमुद्रित भूमिकेवर ती लावून पाहावी. मग लक्षात येते की ही पोथीतली वर्गवारी नसून तालीममास्तराची हत्यारपेटी आहे. प्रस्तुत लेखकाने वर्गात हा प्रयोग करून पाहिला आहे. दृश्य बंद ठेवून केवळ ध्वनी ऐकवला, तर पात्राचे वय, सामाजिक स्तर आणि समोरच्याशी असलेले नाते विद्यार्थी बहुधा अचूक सांगतात. चुकतात ते पात्र खोटे बोलते आहे की खरे, या प्रश्नावर. तेथे साकांक्ष आणि निराकांक्ष हा भेद शिकवण्याची संधी मिळते. नियम घोकून आलेली पोरे त्या वेळी प्रथमच मान वर करतात, एवढेच येथे नमूद करतो.

चिमणराव : छापील निवेदकाला मिळालेला कंठ

मुंबई दूरदर्शनवर सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात 'चिमणराव-गुंड्याभाऊ' ही मालिका आली आणि प्रभावळकर घरोघरी पोहोचले. गुंड्याभाऊ होते बाळ कर्वे. १९७९ मध्ये या जोडीचा चित्रपटही निघाला. चिं. वि. जोशी यांच्या कथा पडद्यावर येण्याची ही पहिली वेळ नव्हती. कोल्हापूरचेच सुपुत्र असलेल्या मास्टर विनायकांनी 'लग्न पहावे करून' (१९४०) हा चित्रपट चिं. विं.च्याच कथेवर केला होता आणि त्यातील दामूअण्णा मालवणकर व विष्णुपंत जोग यांची जोडी लोकांच्या स्मरणात होती.

मूळ कथांमधला चिमणराव हा निवेदक आहे. तो स्वतःची फजिती स्वतः सांगतो आणि आपण शहाणे आहोत अशा समजुतीने सांगतो. हा दुहेरी स्वर छापील पानावर सहज जमतो. अभिनयात मात्र तो नटाला आवाजात आणावा लागतो. प्रभावळकरांनी चिमणरावाला किंचित अनुनासिक, अडखळत पुढे सरकणारे बोलणे दिले. वाक्याची सुरुवात अधिकाराने, मध्यावर शंका, आणि शेवट जवळजवळ गिळलेला. भरताच्या भाषेत सांगायचे तर दीपनाने आरंभ आणि अवेळी आलेले प्रशमन. गुंड्याभाऊचे खणखणीत, निराकांक्ष बोलणे शेजारी असल्यामुळे हे अधिकच उठून दिसे. दामूअण्णांचा विनोद डोळ्यांच्या तिरळेपणावर आणि चेहऱ्यावर बराच उभा होता. प्रभावळकरांजवळ तसे उपजत भांडवल नव्हते. सामान्य चेहरा हीच त्यांची अडचण आणि हीच त्यांची मिळकत.

दुर्दैव असे की त्या काळी ध्वनिचित्रफिती महाग असत, त्या पुसून पुन्हा वापरल्या जात, आणि आरंभीच्या दूरदर्शनचे पुष्कळसे काम त्यामुळे नष्ट झाले. नाटकाचे तर विचारायलाच नको. आपण नटाच्या कारकिर्दीचा अभ्यास करतो म्हणजे बऱ्याचदा जाहिराती, छायाचित्रे आणि वृद्धांच्या आठवणी यांचा अभ्यास करतो. आवाज तेवढा निसटतो. गेल्या शतकातील संगीत नटांची गाणी ध्वनिमुद्रिकांवर टिकली. त्यांची गद्य भाषणे टिकली नाहीत, आणि त्यामुळे त्या नटांविषयीचे आपले मत केवळ अर्ध्या पुराव्यावर बनले आहे.

'हसवाफसवी' आणि वेषांतराचा धोका

१९९१ च्या सुमारास आलेल्या 'हसवाफसवी' या स्वलिखित नाटकात प्रभावळकरांनी सहा भूमिका केल्या. दिग्दर्शन चंद्रकांत कुलकर्णी यांचे. एका नटाने अनेक पात्रे करण्याची आपली परंपरा समृद्ध आहे. पु. ल. देशपांडे यांनी 'बटाट्याची चाळ'मध्ये आणि लक्ष्मण देशपांडे यांनी 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये ती वेगवेगळ्या रीतीने चालवली. परंतु या दोघांचे प्रयोग एकट्याचे होते. पोशाख तोच, प्रकाश तोच. पात्र बदलले हे केवळ आवाज, मान आणि खांद्यांच्या वळणावरून कळे. 'हसवाफसवी'मध्ये प्रत्येक पात्राला संपूर्ण वेश व रंगभूषा होती. वरवर पाहता हे सोपे वाटते. खरे पाहता येथे मोठा धोका असतो. वेश इतके बोलू लागतो की नटाला बोलण्याचे कारण उरत नाही, आणि सहा भूमिकांऐवजी सहा पोशाख दिसतात.

प्रभावळकर या धोक्यातून सर्वत्र सारखेच सुटले असे म्हणता येणार नाही. काही पात्रे प्रहसनाच्या पातळीवरच राहतात आणि लेखनानेही ती तेवढीच मागितली आहेत. पण कृष्णराव हेरंबकर हा संगीत रंगभूमीवरचा थकलेला नट या सर्वांहून वेगळा ठरतो. त्याच्या बोलण्यात जुन्या नाटकमंडळीतील अदब आहे, शब्दांवर हलका हात फिरवल्यासारखी चाल आहे आणि वयाने आलेला कंप आहे. हा कंप दाखवताना सामान्य नट प्रत्येक शब्द कापरा करतो. प्रभावळकर कंप फक्त श्वास संपत आल्यावर येऊ देतात. नवा श्वास घेतला की पहिले दोन-तीन शब्द स्वच्छ, जवळजवळ तरुण येतात. म्हातारपण स्वरतंतूंपेक्षा फुप्फुसात अधिक असते हे निरीक्षण त्यामागे आहे. विज्ञानाच्या पदवीचा याच्याशी संबंध जोडण्याचा मोह आवरता घेतो.

संगीतसूर्य केशवराव भोसल्यांच्या कोल्हापुरात हेरंबकराकडे केवळ विनोदी पात्र म्हणून पाहणे अवघड आहे. शाहू महाराजांच्या काळात उभारलेले आणि पुढे केशवरावांचे नाव धारण केलेले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ रोजी आगीत भस्मसात झाले, तेव्हा हेरंबकरासारख्या किती जणांच्या आवाजाचा शेवटचा साक्षीदार गेला, असा विचार या भागातील अनेकांच्या मनात आला असेल.

नंदू आणि त्याचा बाप

'चौकट राजा' (१९९१) हा संजय सूरकर दिग्दर्शित चित्रपट आणि जयवंत दळवी यांचे 'नातीगोती' हे नाटक एकत्र ठेवून पाहावे. पहिल्यात प्रभावळकर बौद्धिक वाढ खुंटलेला नंदू आहेत; दुसऱ्यात अशाच एका मुलाचा बाप. अशा मुलाचे घर आतून आणि बाहेरून, दोन्ही बाजूंनी उभे करण्याची वेळ थोड्या नटांवर येते.

नंदूची भूमिका गाजली, पुष्कळ प्रेक्षक रडले. येथे एक कठीण प्रश्न विचारणे आवश्यक आहे : अपंगत्वाचे अनुकरण ही अभिनयाची सिद्धी मानावी काय? जड जीभ, सैल ओठ, उशिरा येणारे शब्द यांची नक्कल करणे तांत्रिकदृष्ट्या फारसे कठीण नाही. अनेक गॅदरिंगमध्ये ती होते आणि लोक हसतात. त्या हशातील क्रौर्य ज्यांच्या घरी असे मूल आहे त्यांना ठाऊक असते. नंदूच्या बाबतीत नक्कल आणि भूमिका यांतील फरक मला विलंबात दिसतो. नंदूला शब्द उशिरा सापडतो, पण काय म्हणायचे ते आधीच ठाऊक असते. प्रभावळकर त्या विलंबात अर्थ भरतात, रिकामेपणा नव्हे. ऐकणाऱ्याला वाट पाहावी लागते, आणि वाट पाहता पाहता तो नंदूच्या बाजूला जातो. तरीही चित्रपटाच्या संगीताने आणि कथानकाने करुणेचा जो मारा केला आहे तो आज खटकतो. सुलभा देशपांडे यांच्या आईच्या रूक्ष, दमलेल्या स्वरात जी खरी किंमत ऐकू येते ती चित्रपटाने इतरत्र टिकवली असती तर बरे झाले असते. 'नातीगोती'तील बापाच्या वाट्याला अशी सहानुभूती येत नाही. तो रागावतो, थकतो, आणि त्याला स्वतःच्या रागाची लाज वाटते. दळवींनी हे नाटक बापाच्या बाजूने लिहिले म्हणूनच ते अधिक टिकाऊ झाले, असे माझे मत आहे.

तात्या विंचू : देहाविना आवाज

महेश कोठारे यांचा 'झपाटलेला' (१९९३) हा चित्रपट गंभीर नियतकालिकाच्या कक्षेत येतो काय, अशी शंका काही वाचकांना येईल. वाचिक अभिनयाच्या अभ्यासकाला मात्र याहून सोयीचे उदाहरण मिळणार नाही. तात्या विंचू हा गुन्हेगार पोलिसाच्या गोळीने मरताना मंत्राच्या बळावर एका बाहुल्यात शिरतो आणि पुढे लक्ष्मीकांत बेर्डे यांनी साकारलेल्या लक्ष्याच्या देहाचा मागोवा घेतो. अमेरिकेतील 'चाइल्ड्स प्ले' (१९८८) या भयपटाची छाया उघड आहे. बाहुला घडवला आणि हलवला रामदास पाध्ये यांनी. जिवंतपणीचा तात्या विंचू आणि बाहुल्याचा आवाज, दोन्ही प्रभावळकरांचे.

शब्दभ्रमकार रंगमंचावर ओठ न हलवता बोलतो. त्याची खरी अडचण असते प, फ, ब, भ, म या ओष्ठ्य वर्णांची. ओठ मिटल्यावाचून ते उमटत नाहीत, म्हणून तो जिभेच्या साहाय्याने त्यांचे जवळचे पर्याय काढतो. यशवंत पाध्ये यांच्या 'अर्धवटरावा'पासून ही विद्या मराठी प्रेक्षकाच्या परिचयाची आहे. चित्रपटात हे बंधन नसते, कारण आवाज स्वतंत्रपणे मुद्रित होतो. पण दुसरे बंधन येते. बाहुल्याचा जबडा केवळ उघडतो आणि मिटतो. त्याला गाल नाहीत, भुवया जवळपास नाहीत, डोळ्यांत ओलावा नाही. राग, लबाडी, भीती, अधीरता या सर्वांतील फरक पूर्णपणे आवाजावर सोपवलेला असतो. शिवाय कथेची गरज अशी की आरंभी थोडा वेळ दिसलेला माणूस आणि नंतरचा बाहुला एकच आहेत हे प्रेक्षकाला क्षणभरही विसरता कामा नये. देह गेला, ओळखीचा धागा उरला तो आवाजाचा.

प्रभावळकरांनी तात्या विंचूला घोगरा, घशाच्या मागच्या बाजूने घासत येणारा स्वर दिला आणि त्यावर शिष्ट माणसाची सावकाश चाल चढवली. बाहुला लहान म्हणून आवाज चिरका करण्याचा सोपा मार्ग त्यांनी टाळला. परिणामी दृश्य आणि श्राव्य यांत विसंगती निर्माण होते : डोळ्यांना खेळणे दिसते, कानांना गुंड ऐकू येतो. भीती आणि विनोद दोन्ही या फटीतून येतात. वीस वर्षांनी, २०१३ मध्ये, 'झपाटलेला २' आला तेव्हा बेर्डे हयात नव्हते, नट बदलले होते. बाहुल्याचा आवाज मात्र प्रभावळकरांचाच ठेवावा लागला. वेश बदलता येतो, देह तर कथेनेच काढून टाकला होता. आवाज बदलला असता तर तात्या विंचू उरला नसता.

आबा टिपरे आणि बापू

'अनुदिनी' या सदरात प्रभावळकरांनी एका मध्यमवर्गीय कुटुंबातील सर्वांच्या रोजनिशा लिहिल्या. त्यावर केदार शिंदे यांनी 'श्रीयुत गंगाधर टिपरे' (२००१–२००४) ही मालिका केली आणि प्रभावळकर आबा झाले. लेखनात त्यांनी प्रत्येकाला वेगळी भाषा दिली होती. मालिकेत त्यातील एकच आवाज त्यांच्या वाट्याला आला. तो त्यांनी घराच्या मापाचा ठेवला. उरातून येणारा, जवळच्याशीच बोलणारा. दूरचित्रवाणी संच दिवाणखान्यात असतो, प्रेक्षक आठ-दहा फुटांवर असतो, हे ज्या नटांच्या गावी नव्हते त्यांच्या मालिका आजही ऐकताना कान दुखतात.

'लगे रहो मुन्नाभाई' (२००६) मधील गांधीजींसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. या भूमिकेतील पेच नीट समजून घ्यावा. गांधीजींचा खरा आवाज वृत्तपटांतून आणि १९३१ साली लंडनमध्ये केलेल्या ध्वनिमुद्रणातून उपलब्ध आहे. तो पातळ, थकलेला, सपाट आहे; त्याची हुबेहूब नक्कल केली असती तर विनोदी चित्रपटात ती विचित्र वाटली असती. पण हा गांधी इतिहासातला नाहीच. तो मुन्नाच्या मनातला आहे; मुन्नाला जे ठाऊक नाही ते त्यालाही ठाऊक नसते, आणि कथानकाचे एक वळणच या गोष्टीवर बेतलेले आहे. म्हणजे ग्रंथालयात बसून घाईघाईने वाचलेल्या पुस्तकांतून एका गुंडाने रचलेला हा बापू आहे. प्रभावळकरांनी त्याला मंद्र, विलंबित, किंचित हसरा स्वर दिला. तो उपदेश करीत नाही, विचारतो. प्रत्येक वाक्य साकांक्ष. मुन्नाने पुढचे वाक्य स्वतः पूर्ण करावे अशी जागा तो मोकळी ठेवतो. 'एन्काउंटर : द किलिंग' (२००२) मधील पुनप्पा अवधूत हा गुन्हेगार आणि हा बापू यांच्यामध्ये फक्त चार वर्षांचे अंतर आहे. पुढे 'सरकार राज' (२००८) मधील रावसाहेबाचा आवाज ऐकताना बापूंचाच सौम्यपणा पुन्हा भेटतो आणि या खेपेस तो अंगावर काटा आणतो. एकच मंद्र स्वर, एकदा विश्वास देणारा, एकदा विश्वास हिरावणारा. काकू स्वरात नसते, प्रसंगात असते, हे यावरून ध्यानी यावे.

घाटाखालचा आवाज

राधानगरीहून दाजीपूरमार्गे फोंडा घाट उतरला की दोन-अडीच तासांत कणकवली येते. घाटाच्या वर आपण तमाशा, भेदिक शाहिरी आणि सोंगी भजन ऐकत वाढतो, घाटाखाली दशावतार. अंतर थोडे, पण आवाजाची शिस्त पूर्ण भिन्न. दशावतारात लिखित संहिता नसते. हार्मोनियम, मृदंग आणि झांजेच्या साथीने रात्रभर चालणाऱ्या खेळात आख्यान ठरलेले असते, संवाद मात्र नट त्या क्षणी रचतात. देव आणि राजे संस्कृतप्रचुर प्रमाण मराठीत बोलतात, विनोदी पात्रे मालवणीत उतरतात, आणि स्त्रीपात्रे पुरुष करतात. म्हणजे एकाच गळ्याला एका रात्रीत भाषेचे तीन-चार मजले चढावे-उतरावे लागतात. दिवसा हाच माणूस शेतात किंवा बागेत राबत असतो.

१२ सप्टेंबर २०२५ रोजी प्रदर्शित झालेल्या सुबोध खानोलकर दिग्दर्शित 'दशावतार' या चित्रपटात प्रभावळकर बाबुली मेस्त्री हा वृद्ध दशावतारी कलावंत झाले. त्या वेळी त्यांचे वय एक्क्याऐंशी होते. चित्रपटाचे कथानक उत्तरार्धात सूडकथेकडे झुकते आणि तेथे काही गोष्टी गरजेपेक्षा मोठ्या आवाजात सांगितल्या जातात. पण बाबुलीचे दोन आवाज कान देऊन ऐकावेत. घरात मुलाशी बोलताना 'माका', 'तुका', 'खंय' अशी तोंडात घोळलेली, थकलेली मालवणी. आणि रंगमंचावर देवाचा मुखवटा चढवला की शिरातून येणारा, शब्दाशब्दाला ताठ उभा राहणारा स्वर. चेटकीण, विदुर आणि हेरंबकर या तिघांनी वेगवेगळ्या दशकांत कमावलेले येथे एकाच पात्रात एकत्र राहते. बाबुलीसारखा खरा दशावतारी या वयात रात्रभर उभा राहून आवाज कसा टिकवतो, हे आपल्या महाविद्यालयापासून एका एसटीच्या अंतरावर जाऊन ऐकता येण्यासारखे आहे. आपल्या मराठी विभागांनी त्या जत्रांतून फिरून निदान काही रात्रींचे ध्वनिमुद्रण करून ठेवावे, अशी सूचना येथे करावीशी वाटते. त्यासाठी आज खिशातला मोबाईलही पुरतो. यंदाच्या कार्तिकात तुळशीच्या लग्नानंतर जत्रा सुरू होतील.